हवेची गादी आणि रिकामे कंस

माझा राग अजून उतरलेला नाही, म्हणून लिहायला बसल्ये. मैत्रिणी म्हणतात, झालं गेलं, सोड आता. तर मी काही सोडणार नाही. निदान लिहून तरी ठेवते.

आमच्या मंडळाचं रत्नागिरीत एक साहित्य केंद्र आहे. साहित्य म्हणजे कथा-कविता नव्हेत. वॉकर, कमोडच्या खुर्च्या, चाकाच्या खुर्च्या, आणि अंथरुणाला खिळलेल्या माणसाच्या पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून मोटर लावून फुगवतात ती हवेची गादी. घरात आजारपण आलं की न्यायचं, गरज संपली की आणून द्यायचं. फोन घ्यायच्या पाळ्या आम्ही बायका आपापल्या घरून करतो. वस्तू मात्र असतात मिरकरवाड्याच्या मासळी बंदराकडे उतरताना एका खोलीत. म्हणजे फोन घेणारीला वस्तू दिसत नाही, तिला दिसते फक्त मोबाइलवरची यादी. काय शिल्लक आहे, काय बाहेर आहे.

ही यादी मी केल्ये. हो, मीच. जन्म गेला टेलिफोन एक्स्चेंजमध्ये या भोकातली दोरी त्या भोकात घालण्यात, आणि निवृत्त झाल्यावर एक दिवस वाटलं, आता हे नवं एक्स्चेंज आतून कसं चालतं ते बघूया. कुणी शिकवलं नाही. व्हिडिओ बघितले, चुकले, पुन्हा बघितले. यजमान म्हणायचे, "डाळ लागली गो खाली," आणि मी म्हणायची, "लागू दे, अर्धविराम सापडत नाहीये." दीड वर्षानं यादी उभी राहिली.

ती कशी चालते ते सांगते, नाहीतर माझा राग तुम्हाला कळायचा नाही.

पूर्वी कागद होते तेव्हा खोलीच्या दाराशी एक खिळा होता. वस्तू परत आली की घेणारी चिठ्ठी लिहून खिळ्याला टोचायची. सकाळी पाळीवाली यायची, चिठ्ठ्या काढायची, वहीत उतरवायची. खिळा रिकामा, तर काही आलं नाही. इतकं सोपं. मी कॉम्प्युटरला तेच शिकवलं. वस्तू परत आली की खोलीवरची बाई मोबाइलवर नोंद करते, ती एका फोल्डरमध्ये जाऊन पडते. सकाळी साडेसहाला सर्व्हर आपला आपण माझा एक छोटा प्रोग्रॅम चालवतो. तो त्या नोंदी वाचतो आणि यादी ताजी करतो. नोंद सापडली नाही, तर काही आलं नाही असं समजतो आणि मुकाट निघून जातो.

आता त्या फोल्डरपर्यंत जायचं, तर प्रोग्रॅमला आपल्या सगळ्या पसाऱ्याचा मूळ फोल्डर माहीत हवा. घराचा उंबरठाच म्हणा. तो कळला की माजघर कुठे, पडवी कुठे, सगळं तिथून सांगता येतं. मी ते असं केलं होतं की फाइलनं स्वतःलाच विचारायचं, मी कुठे बसल्ये, आणि तिथून एक पायरी वर चढायचं. घर उचलून दुसऱ्या गावी नेलं तरी उंबरठा घराबरोबरच जातो. हे समजायला मला तीन आठवडे लागले होते, आणि त्या ओळीचा मला, खरं सांगायचं तर, थोडा गर्व होता.

मग मंडळाच्या बैठकीत ठरलं की आता सगळं जरा व्यवस्थित व्हायला हवं. म्हणजे माझं अव्यवस्थित होतं. अध्यक्षबाईंच्या ओळखीचा पुण्याचा एक इंजिनिअर होता, त्याच्याकडे काम दिलं. त्यानं आमची यादी नव्या सर्व्हरवर हलवली, अक्षरं मोठी केली, वर एक निळी पट्टी लावली. छान दिसत होती. उगीच नावं ठेवायची नाहीत.

त्याच आठवड्यात माझ्या पाळीला एका बाईचा फोन आला. संगमेश्वरच्या आतल्या एका गावची. सासूचं अर्धं अंग गेलेलं, दवाखान्यातून दुपारी घरी सोडणार होते. नवरा मुंबईला कामाला, ही एकटी.

"ताई, ती हवेची गादी मिळंल काय? डॉक्टर बोलले, त्याच्याबिगर निजवू नका."

मी यादी बघितली. तिन्ही गाद्या बाहेर.

"नाहीत गो बाय. तिन्ही गेल्येत."

"येक पण नाय? नीट बगा ना ताई."

मी पुन्हा बघितली. आणि काय बोलले ते मला शब्दन् शब्द आठवतंय. "यादीत नाही म्हणजे नाही. आमची यादी चुकत नाही."

"बरा," म्हणाली, आणि फोन ठेवला. तिनं सासूला साध्या गादीवर निजवलं.

चार दिवसांनी माझी खोलीवरची पाळी आली. कुलूप काढून आत गेले, तर भिंतीला टेकवून दोन हवेच्या गाद्या. घड्या घातलेल्या, पुसलेल्या, मोटरी वर ठेवलेल्या. मोबाइल उघडला. यादी म्हणते, तिन्ही बाहेर. खोलीवरच्या बाईला फोन लावला, तर ती म्हणाली, "अहो, त्या सोमवारीच आल्या. मी तेव्हाच नोंद केल्ये." संगमेश्वरच्या बाईचा फोन आला होता मंगळवारी.

मी तिथेच चाकाच्या खुर्चीवर बसले. मग तिला फोन केला. सांगितलं, गादी आहे, तेव्हाही होती, चूक आमची.

ती म्हणाली, "म्हातारीच्या कमरंला लाल झालाय ताई. चार राती दर दोन तासांनी मी कूस बदलत्ये. आता पाठवा कशी ती."

एसटीची वाट कोण बघतो. मिरकरवाड्याला मासळी भरून एक टेम्पो संगमेश्वरला निघत होता, त्याच्या केबिनमध्ये गादी कोंबली. ड्रायव्हर म्हणाला, "आजी, वास लागंल हां." मी म्हटलं, "लागू दे, तू फक्त नाक्यावर तिच्या हातात दे." दुपारी तिचा फोन आला, गादी फुगली, म्हातारी निजली. बांगड्याचा वास येतोय म्हणाली.

मग मी पुण्याच्या त्या इंजिनिअरला फोन लावला, म्हटलं, यादी ताजी होत नाहीये.

"आजी, माझ्याकडे तर ओपन होतंय," तो म्हणाला.

"तुमच्याकडे होणारच. सकाळी साडेसहाला सर्व्हर आपला आपण जे चालवतो, ते बघा."

"एंट्रीच झाली नसेल. तुमच्याकडच्या लेडीज विसरत असतील."

"विसरल्या नाहीत. नोंद आहे, मला दिसत्ये."

"मग सोमवारी बघतो. तुम्ही टेन्शन नका घेऊ, या गोष्टी जरा टेक्निकल असतात."

मी फोन ठेवला. या वयात माणसानं काय काय ऐकून घ्यायचं? आमच्या बायका विसरतात. चाळीस वर्षं घर, नोकरी, सासर, कुणाची गोळी कधी, हे विसरल्या नाहीत, त्या आता एक बटण दाबायला विसरतात. आणि अध्यक्षबाईंना सांगितलं, तर त्या मलाच म्हणाल्या, "जाऊ दे हो, आपण परत वहीच काढू. तुम्हालाही दगदग नको."

सोमवारपर्यंत आणखी कुणाला तरी मी नाही म्हणणार होते. चहा केला आणि कोड उघडला. माझा पासवर्ड अजून चालत होता.

साडेसहाच्या प्रोग्रॅममध्ये एक ओळ घातली, की तुला तुझा मूळ फोल्डर कुठला वाटतो ते दोन चौकोनी कंसांत लिहून दाखव. कंस अशासाठी, की आत काही नसलं तरी ते नसणं डोळ्यांना दिसावं. चालवला. आलं काय, तर नुसते दोन कंस. आत काही नाही. उंबरठाच नाही.

मग माझी ती ओळ शोधली. ती नव्हतीच. "सुटसुटीत" करताना त्यानं ती काढून दुसरी टाकली होती. कुणी मोबाइलवर पान उघडलं की सर्व्हर त्या पाहुण्याच्या निमित्तानं मूळ फोल्डरचा पत्ता हातात देतो, तो घ्यायचा, अशी. दिवसा पाहुणे असतात, म्हणून नोंद बरोबर जागी पडत होती. सकाळी साडेसहाला पाहुणा कुठला? सर्व्हर एकटाच. पत्ता कोरा. कोऱ्या पत्त्यावर फोल्डर सापडला नाही, आणि माझा प्रोग्रॅम म्हणाला, काही आलेलं नाही, आणि मुकाट निघून गेला.

ते मुकाट निघून जाणं माझं. तेवढं कबूल करायलाच हवं. खिळ्यावर चिठ्ठी नसणं वेगळं आणि भिंतीवर खिळाच नसणं वेगळं. कागदाच्या काळात खिळा गायब असता तर सकाळची पाळीवाली दारातच ओरडली असती. मी प्रोग्रॅमला ओरडायला शिकवलं नव्हतं. शहाणी माणसं मुकाट असतात, हे आमच्यावर लहानपणापासून बिंबवलेलं, ते मी त्या यंत्रातही घातलं.

माझी जुनी ओळ परत बसवली. खाली दुसरी लिहिली, की फोल्डरच सापडला नाही तर यादीला हात लावू नकोस, थांब, आणि मला निरोप पाठव. चालवला. दोन्ही कंसांच्या मध्ये लांबलचक पत्ता उमटला, आणि यादीत दोन्ही गाद्या आल्या. त्यातली एक संगमेश्वरला गेली होती, ती मी हातानं बाहेर दाखवली.

सोमवारी पुण्याहून मंडळाला पत्र आलं. किरकोळ त्रुटी होती, दूर करण्यात आली आहे. दूर कुणी केली ते नव्हतं लिहिलेलं, त्याचं मला काही नाही. पण किरकोळ? त्या बाईनं चार रात्री घड्याळ लावून म्हातारीला वळवलं, तिला विचारा किरकोळ कशाला म्हणतात.

त्या ओळीच्या वर कोडमध्ये मी मराठीत चार ओळींची टीप लिहिल्ये. ही ओळ बदलू नये. बदलली होती तेव्हा संगमेश्वरकडच्या एका सासूच्या कमरेला चार दिवसांत जखम होत आली, आणि गाद्या इथे भिंतीला टेकलेल्या होत्या. बदलायचीच असेल तर आधी मला फोन करावा. खाली माझा नंबर.

इंजिनिअरनं मंडळाला कळवलं, कोडमध्ये असा वैयक्तिक मजकूर ठेवत नाहीत, तो काढावा. अध्यक्षबाईंनी मला विचारलं, "काढायचा का हो?"

मी म्हटलं, "म्हातारीची कंबर बरी झाली की बघू." ती आता बरी आहे. गादीही परत आली, अजून जरा बांगड्याचा वास आहे. टीप मी काढलेली नाही.