उपवासाच्या वरीत कांदा

माझ्या सासूबाईंना माझ्या हातचं काहीही आवडत नाही. लग्न होऊन धायरीच्या या फ्लॅटमध्ये आले तेव्हापासून आवडत नाही. भाजी ‘खाण्यासारखी’ असते, आमटी ‘चालेल’ अशी असते, आणि माझी पोळी तर त्या उचलून उजेडात धरून बघतात. मला त्यांचं प्रेमबीम नको होतं. फक्त एकदा त्यांच्या तोंडून ‘छान झालंय’ एवढं ऐकायचं होतं.

गेल्या वर्षी त्यांची साखर वाढली. डॉक्टरांनी पोहे, साबुदाणा बंद करून भरड धान्यं खायला सांगितली. ज्वारीच्या रव्याला त्यांनी नाक मुरडलं, नाचणीला ‘चिखल’ म्हणाल्या. मग एका सकाळी मी वरी घेतली. कोरडीच खमंग भाजली. मोहरी, कढीपत्ता, मिरचीच्या फोडणीत कांदा परतला, गाजर, फरसबी, मटार घातले आणि उकळतं पाणी जरा जास्तच ओतून सैलसर शिजवली. वरून लिंबू पिळलं.

सासूबाईंनी वाटी संपवली. मग ती पुन्हा पुढे केली. हे आमच्या घरात कधी घडलेलं नाही. मी वाढलं आणि आता म्हणतील, आता म्हणतील, अशी वाट बघत डाव हातात धरून उभी राहिले.

“कशाचं आहे गं हे?”

“वरीचं.”

त्यांचा हात थांबला. आमच्याकडे वरी फक्त उपवासाची. तिला जिरं, तूप आणि वर दाण्याची आमटी. मोहरी नाही, हळद नाही, कांद्याचं तर नावच नको. तिचं पातेलंसुद्धा वेगळं, वरच्या फळीवर.

“उपवासाच्या वरीत कांदा? कुठल्या घरात वाढलात आपण?” त्या चिडल्या की मला ‘आपण’ म्हणतात.

“पण वाटी दुसऱ्यांदा पुढे केलीत की तुम्ही,” मी म्हणाले. बोलायला नको होतं असं मला अजिबात वाटत नाही.

नवऱ्याने नेहमीप्रमाणे मोबाइलमध्ये डोकं खुपसलं. त्या दिवसापासून सासूबाईंनी माझ्या हातचा नाश्ता सोडला. मी ऑफिसला गेल्यावर स्वतःचं काहीतरी करून घ्यायच्या. पोहेच खात असणार, आणि साखर वाढली की खापर माझ्या डोक्यावर फुटणार, म्हणून मी दिवसभर धुमसायचे.

मागच्या महिन्यात मोबाइल घरी राहिला म्हणून अर्ध्या वाटेतून परत आले. दार उघडलं तर कांद्याच्या फोडणीचा घमघमाट. सासूबाई माझ्याकडे पाठ करून टेबलाशी बसल्या होत्या. समोर वाटी, वाटीत गाजराचे तुकडे, आणि कानाला फोन. हडपसरच्या लेकीशी बोलत होत्या.

“अगं, वरीत कांदा घालायचा, गाजर, मटार. पाणी जरा जास्त. छान होतं, अगदी छान! छे, शिकवणार कोण? माझं मलाच सुचलं.”

तोच शब्द, दोनदा. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी किल्ल्या टेबलावर आपटल्या.

“अहो आई, आज उपवास का?”

त्यांनी मान वळवून मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. वाटी झाकायचे कष्टही घेतले नाहीत.

“ठेवते गं,” त्या फोनमध्ये म्हणाल्या. “कुणीतरी आलंय.”