मदिनेतल्या तुआरेग घरातली एक तार

सौदीतल्या राबिघला मी लेकाकडे राहायला गेले होते, तेव्हा इरफान म्हणाला, "आई, मदिनेला जाऊ. पैगंबरांच्या कबरीची जियारत होईल, आणि मूसानं चहाला बोलावलंय." मूसा त्याच्याच रिफायनरीतला. जन्म मदिनेचा, पण जात तुआरेग, सहारा वाळवंटातली. फ्रेंचांनी मुलूख घेतला तेव्हा त्याचे पणजोबा उंटांवर निघाले, ते इथं येऊन थांबले.

सकाळी निघालात तर दुपारच्या आत पोचता. रस्ता लोण्यासारखा, पण दोन्हीकडे नुसते काळे दगड. पाणी नि खजूर जवळ ठेवा. वाटेतली मंदी, म्हणजे मटण-भात, एका ताटात दोघांना पुरते.

मूसाचे वडील दारातच उभे. फेट्याचा पदर नाकावर ओढलेला. यांच्यात तोंड पुरुष झाकतात. हिरवा कडक चहा तीनदा देतात. पहिल्या पेल्यावर उठू नका, अपमान होतो.

भिंतीवर भोपळ्याचं, कातडं मढवलेलं, एका तारेचं वाद्य होतं. इम्झाद. मूसाची आई वाजवायची, ती गेल्या हिवाळ्यात गेली. मी आपली बोलून गेले, "मग भाईसाहेब, तुम्हीच वाजवा की दोन सूर!" इरफाननं ते अरबीत सांगितलं. मूसा मोडक्या हिंदीत म्हणाला, "खाला, हे बायकांचं. पुरुष हात लावत नाही."

मूसाच्या बाबांना चाली सगळ्या पाठ. सहारातून येताना वाटेत कोण कुठल्या विहिरीपाशी मेलं, तेही त्यांतच. त्यांची नात झहरा, तिनं गज फिरवला. नुसती करकर. बाबा गुणगुणत राहिले, पण बोट कुठं ठेवायचं ते सांगता येईना. त्यांचा हात तारेपर्यंत गेला आणि मागं आला.

"बाबा, एकदाच दाखवा!" मूसा कळवळला. इरफान मला हळूच अर्थ सांगत होता.

"तुझ्या आईसमोर हात लावला नाही, आता लावू?"

"जद्दी, खलास!" आजोबा, बास, म्हणत झहरा उठून आत गेली.

तेव्हा त्यांनी मला खूण केली, आणि मी ते वाद्य मांडीवर घेतलं. बाबा गुणगुणायचे, मी गज ओढत बोट सरकवायची. खाली, अजून खाली. एकदा, एकदाच, सूर लागला. बाबांनी पदर डोळ्यांपर्यंत ओढला. मी पुन्हा वाजवायला गेले, तर येईना.



आता दापोलीला घरी आहे. काल मूसाचा फोन आला. झहरा शिकायला तयार झालीय म्हणे, बाबा विचारतायत, खालांनी बोट नेमकं कुठं ठेवलं होतं?

मी मांडीवर रिकामा हात धरून किती वेळ बसले. मला आठवेना.