पाणी भरणारा नायक

मुलीने त्या फिलिपिनो मुलाला रविवारी जेवायला बोलावलं आणि माझ्या नवऱ्याचं तोंड शनिवारीच उतरलं. दोघं इथे सिंगापुरात, वन-नॉर्थला एकाच ऑफिसात आहेत, लग्न करायचं म्हणतात. मुलगी हट्टाने थांबली होती, बाबांनी मनापासून हो म्हणावं म्हणून. आणि बाबा नुसते "बघू" म्हणत होते. त्या "बघू"ची मला भयंकर चीड येते. नाही म्हणायचं तर तोंडाने म्हणावं ना!

गप्पांना विषय नव्हताच. मुलीनेच त्याच्या आजीचा आवडता जुना सिनेमा टीव्हीवर लावला. कृष्णधवल, गाण्यांनी भरलेला, भाषा आम्हाला परकी. "बाबा, जस्ट वॉच लाह," ती इथल्या सिंगापुरी ढंगात म्हणाली. नायक खिडकीखाली गिटार घेऊन गातो, तर नायिकेचा बाप वरून त्याच्या अंगावर पाणी ओततो. मग नायक त्यांच्याच अंगणात लाकडं फोडतो, विहिरीचं पाणी भरतो, आणि बादली नेमकी गळकी. नवरा खो खो हसला. मग भानावर येऊन त्याने इंग्रजीत विचारलं, "हा काय यांचा नोकर आहे?"

"नाही अंकल. आमच्याकडे पूर्वी रीत होती. मुलगी मागायची तर आधी तिच्या घरी राबायचं. नुसत्या गाण्यावर कोण विश्वास ठेवणार?"

मला त्या नायिकेचा सरळ हेवा वाटला. आमच्या वेळी पोह्यांचा ट्रे मी धरला होता, परक्या माणसांसमोर गाणंही मीच म्हटलं होतं. हे महाशय पाय पसरून बसले होते आणि पोहे पुन्हा मागत होते. त्यांना काय येतं, हे विचारायचं कुणालाच सुचलं नव्हतं. मलाही नाही.

जेवणं झाली. मुलगा उठला, सगळ्यांची ताटं गोळा केली आणि बाह्या वर सारून सिंकपाशी उभा राहिला. नवरा खुर्चीतून ताडकन उठला.

"अरे अरे, राहू दे! जावयाने उष्टी भांडी घासायची नसतात!"

हे मराठीत. मुलाला काहीच कळलं नाही. तो हसला आणि कढई घासत राहिला. मुलगी मात्र जागच्या जागी थांबली, डोळे भरलेले. मी नवऱ्याकडे बघत राहिले. आता हा सारवासारव करणार, याची मला खात्री होती.

त्याने घसा खाकरला. मग इंग्रजीत, जरा मोठ्यानेच, त्या मुलाच्या पाठीकडे बघत विचारलं, "तुझे आईवडील इकडे कधी येऊ शकतील?"