‘हिला नापासच करते!’

शैलाताई गेल्याचं मला सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कळलं. ‘चौथी मंज़िल वाली डॉक्टर मैडम नहीं रहीं.’ खाली जोडलेल्या हातांची रांग लागली होती. मीही हात जोडले... आणि फोन उलटा ठेवला. त्याला आता सहा आठवडे झाले.

मयूर विहारच्या आमच्या सोसायटीत मराठी घरं पाचच. शैलाताई मेडिकल कॉलेजात शरीररचनाशास्त्र शिकवायच्या आणि एकट्या राहायच्या. माझ्या मुलीला, ईशाला, त्यांच्याच कॉलेजात प्रवेश मिळाला, तेव्हा पेढे आधी त्यांच्याकडे गेले. त्या वर्षी गणपतीत आरतीनंतर ताई प्रसाद वाटत होत्या. ईशा कुणाला तरी म्हणाली, “माझा अँकल दुखतोय.” ताईंनी ते लगेच पकडलं. “कुठले काका गं?” सगळे हसले. “मराठीत काय म्हणतात त्याला?” ईशा अडखळली, “...टखना?” “घोटा गं, घोटा! अगदीच दिल्लीवाली झालीस. अनिल, तुझ्या लेकीला मी नापासच करते बघ!” असं म्हणत त्यांनी तिच्या वाटीत एक जास्तीचा मोदक घातला.

पुढे ईशा पहिल्याच वर्षात अडकली. शरीररचनेचा लेखी पेपर निघायचा, तोंडी परीक्षा राहायची. नियमात बसणाऱ्या सगळ्या संधी संपत आल्या. शेवटच्या वेळी परीक्षक शैलाताई होत्या आणि ईशाला चार गुण कमी पडले. आता तिचं शिक्षणच संपणार होतं. मी वकील गाठला. ते म्हणाले, “भाईसाहब, मार्क्स में कोर्ट हाथ नहीं डालेगा. मैडम की दुश्मनी दिखाइए. कभी कुछ बोला हो?”

मी आठवून सांगितलं. याचिकेसाठी त्याचं इंग्रजीही मीच करून दिलं. प्रतिवादी क्रमांक तीन यांनी साक्षीदारांसमक्ष विद्यार्थिनीच्या भाषेची टिंगल केली आणि तिला नापास करण्याचा इरादा जाहीर केला. त्यात एकही शब्द खोटा नव्हता. मोदक तेवढा मी लिहिला नाही.

ईशा सही करेना. “बाबा, त्या मस्करी करत होत्या, यार.”

“तुला डॉक्टर व्हायचंय की नाही?” मी विचारलं. तिने सही केली.

कोर्टाला निकाल द्यावाच लागला नाही. दुसऱ्या परीक्षकांसमोर पुन्हा तोंडी घेतो, असं विद्यापीठाने सांगितलं आणि ईशा पास झाली. आज ती मानेसरला एका कारखान्याच्या दवाखान्यात डॉक्टर आहे. कॉलेजने शैलाताईंना लेखी विचारलं होतं, हे शब्द तुम्ही उच्चारलेत का? त्यांनी एकच शब्द लिहून दिला, ‘होय’. त्यानंतर निवृत्त होईपर्यंत त्यांना परीक्षकाचं काम मिळालं नाही. एकदा लिफ्टमध्ये आम्ही दोघंच होतो. “भाषांतर छान केलंस रे, अनिल,” त्या म्हणाल्या. मी मजल्यांचे आकडे बघत राहिलो. दुसऱ्या दिवसापासून मी जिने चढू लागलो. बायकोला सांगितलं, तब्येतीसाठी.

त्या गेल्यावर पुण्याहून त्यांची धाकटी बहीण आली होती. जाताना फ्लॅटची किल्ली माझ्याकडे देत तिने विचारलं, “ताईला परीक्षेच्या कामावरून का काढलं, तिने कधीच सांगितलं नाही. तुम्हाला काही माहिती आहे?”

मी म्हणालो, “नाही.”

त्या एका ‘नाही’मुळे हे लिहायला बसलो. छापायला देण्याआधी त्या बहिणीला पाठवलं. चार दिवस झाले, उत्तर नाही. किल्ली परत मागितली तरी माझी तक्रार नसेल. आज रविवार, म्हणून खिडक्या उघडायला वर गेलो. ताईंच्या टेबलाशी घरी शिकायला येणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी तीन स्टुलं मांडलेली आहेत, अजून कुणी हलवलेली नाहीत. त्यांच्यावरची धूळ पुसली. बसलो मात्र नाही.