अंगणातलं बंदर

फ्रान्सच्या पार पश्चिम टोकाला ब्रेस्त नावाचं बंदर आहे, हे आमच्या गावात आज शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. मला ते कधी कळलंच नसतं तर किती बरं झालं असतं. माझा मुलगा तिथं गेला. मालवाहू जहाजावर फिटर होता. जहाज दुरुस्तीला आलेलं, गोदीत जागा मिळेना म्हणून खाडीत नांगर टाकून उभं होतं, आणि पौषातल्या एका संध्याकाळी तो डेकवरनं पाण्यात पडला. कसा पडला ते कुणी पाहिलं नाही. पुष्कळ शोधलं, सापडला नाही, असं मुंबईच्या ऑफिसातल्या एका पोरीनं फोनवर सांगितलं. वर मला विचारते, "मॅडम, आणखी काही माहिती हवी का?" मेली! आईला काय माहिती हवी असणार?

माझं माहेर माधवनगरचं. वडील तिथल्या गिरणीत होते. लग्न होऊन आले ती रहिमतपूरकडच्या ह्या गावात, जिथं घरटी एक माणूस फौजेत असतो. आमचे हेही सुभेदार होऊन पेन्शनीत आले. मुलानं दोनदा भरतीला उभं राहून पाहिलं, पण छाती भरली नाही. मग आजोळी राहून शिकला, कुपवाडला एका वर्कशॉपमध्ये लेथवर लागला आणि तिथनं जहाजावर गेला. ह्यांना ते फारसं रुचलं नव्हतं. पण बोलले नाहीत.

तो गेल्याचं कळलं तेव्हाही हे बोलले नाहीत. रडलेही नाहीत. मला इतका राग आला ह्यांचा! मी भिंतीला डोकं टेकून बसलेली, चूल थंड, जाऊबाई ताट वाढून आणायच्या आणि तसंच परत न्यायच्या. आणि हे मोबाइल कानाला लावून त्या ब्रेस्तची माहिती ऐकत बसायचे. एक दिवस उठले, पाटी-फावडं घेतलं आणि अंगणात लाल माती ओतायला लागले.

फौजेत हल्ल्याला निघायच्या आधी जवानांना दाखवायला जमिनीवर सगळ्या मुलखाचा मातीचा नमुना करतात. डोंगर, नदी, शत्रूची ठाणी. ह्यांनी आयुष्यभर तेच केलेलं. आता त्यांनी अंगणात ब्रेस्तची खाडी केली. शेजारणी दारात थांबून कुजबुजायच्या. एकीनं तर तोंडावर विचारलं, "काकी, दिवाळी कवाच झाली की! आता कशापायी किल्ला?" मी म्हटलं, "तुझ्या घरी जा आणि तुझी भांडी घास."

मधोमध मोठी थोरली खाडी. पश्चिमेला तिचं चिंचोळं तोंड. तोंडाच्या बाहेर अटलांटिक महासागर, म्हणजे आमचा गोठा. खाडीला मिळणाऱ्या नदीच्या मुखाशी दगड रचून किल्ला केला. त्याचा पाया रोमन लोकांचा, असं हे म्हणाले. मग फ्रान्सच्या राजाची लढाऊ जहाजं बांधायचा कारखाना. मग दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी पाणबुड्या लपवायला बांधलेलं काँक्रीटचं घर. त्यासाठी ह्यांनी सिमेंटचा एक ब्लॉक आणून ठेवला. अमेरिकनांनी वेढा घातला तेव्हा सगळं शहर भुईसपाट झालं, पण तो किल्ला आणि ते काँक्रीट काही हललं नाही. आजही तिथं अणुबाँबवाल्या पाणबुड्या असतात म्हणे. मी हे सगळं का ऐकत होते? कारण रोज संध्याकाळी शेवटाला हे काठी टेकवून एकच गोष्ट सांगायचे.

"हे बघ. इंग्रजांनी वर्सानुवर्सं भायेरनं नाकाबंदी केली. आतल्या जहाजांना भायेर पडता येईना. ह्या खाडीतनं सुटणं सोपं न्हाई. आत पडलेलं आतच ऱ्हातंय. पोरगं कुठंतरी कडंला लागलं आसंल. कुणीतरी उचलून दवाखान्यात टाकलं आसंल. डोक्याला मार लागला, त्यात भाषा येत न्हाई, नाव कसं सांगंल?"

"कुठल्या कडेला?" मी विचारायची.

मग हे काठीनं दाखवायचे. एक दिवस उत्तरेचा किनारा, एक दिवस दक्षिणेचा. मी मॅट्रिक झालेली, चार पुस्तकं वाचलेली बाई, पण मला ते पटायचं. मला पटवूनच घ्यायचं होतं. जाऊबाईंनी एकदा हळूच तेराव्याचा विषय काढला तर मी अंगावर धावून गेले, "जिवंत माणसाचे दिवस घालता? लाज नाही वाटत?" पुन्हा कुणी नाव काढलं नाही.

उन्हाळा लागला तशी गावातली पेन्शनर मंडळी आमच्या अंगणात जमायला लागली. खाडीभोवती बाजा टाकून बसायची. आधी गप्प बसायची, मग त्यांच्यातली फौज जागी व्हायची. "मी आसतो तर तोंडाच्या दोन्ही अंगाला तोफा लावल्या आसत्या." "गप रं! आन् मागनं जमिनीवरनं आला म्हंजी?" असं चाललेलं. आमच्या अंगणात ते ब्रेस्त रोज एकदा जिंकायचे आणि रोज एकदा हरायचे. मी चहाचे कप आदळत म्हणायची, "माझा पोरगा तिथं हरवलाय आणि तुम्ही लढाया कसल्या करता?" तेवढ्यापुरते माना खाली घालायचे.

त्यांच्यात पूल बांधणाऱ्या पलटणीतले एक म्हातारे होते. नद्यानाल्यांवर उभी नोकरी काढलेली. ते एक दिवस बराच वेळ त्या चिंचोळ्या तोंडाकडं बघत राहिले आणि म्हणाले, "सुभेदार, पोरगं पडलं तवा भरती व्हती का ओहोटी?"

हे काठीनं माती उकरायला लागले. मी कप उचलत होते. ते तसेच ठेवून मी ह्यांच्या तोंडाकडं पाहिलं. म्हाताऱ्यालाही काय ते कळलं असावं. "चला गड्यांनो, ऊन झालं," म्हणून त्यानं सगळ्यांना उठवलं.

"अहो, त्यांनी असं का विचारलं? सांगा की!" मी म्हटलं.

ह्यांनी नळाला पाइप लावला आणि खाडी भरली. काठोकाठ भरल्यावर पायानं तोंडाशी रचलेला मातीचा बांध सारला. पाणी चिंचोळ्या तोंडातनं उसळून बाहेर पडलं आणि गोठ्याकडं धावलं. वरचा पाला, काड्या, शेवग्याची फुलं, सगळं बरोबर घेऊन गेलं. आत नुसता चिखल राहिला.

"ओहोटी व्हती," हे म्हणाले. "लय जोराची आसतीया तिथं."

"तुम्हाला कधी कळलं?"

"पयल्याच दिशी. हाफिसातनं पडल्याची वेळ इचारून घेतली व्हती मी."

"आणि इतके महिने मला—"

"तू जेवत न्हवतीस," हे म्हणाले. "माती वतली त्या दिशी इचारलंस, ह्ये काय करताय. मी सांगत बसलो. सांगता सांगता तू आर्धी भाकरी खाल्लीस."

मी ह्यांना खूप बोलले. खोटारडे म्हणाले, कसाई म्हणाले, नको नको ते बोलले. हे चिखलात उभे राहून ऐकत होते आणि पहिल्यांदाच रडत होते, मोठ्यानं, लहान पोरासारखे. माझ्याच्यानं त्यांना जवळ घेववलं नाही. आजही वाटतं, आणखी थोडे दिवस तरी खोटं बोलायचं होतं त्यांनी.

मग माहुलीला संगमावर गेलो. देह मिळाला नाही तर पळसाच्या पानांचा पुतळा करतात आणि त्याला अग्नी देतात. गुरुजींनी दर्भावर पानं मांडली. डोक्याच्या जागी नारळ ठेवला. हात झाले, पाय झाले, वर पांढरं कापड आलं. "या सुभेदार," गुरुजी म्हणाले. हे पुढं झाले.

मी पुतळ्याकडं पाहिलं. माझ्या कमरेएवढासुद्धा नव्हता.

"थांबा," मी म्हटलं. "गुरुजी, आणखी पानं लावा."

"वहिनी, शास्त्रात एवढीच सांगितलीत."

"अहो, आमच्या दारातनं वाकून आत यायचा तो. एवढासा नव्हता. लावा ना आणखी पानं."

गुरुजींनी ह्यांच्याकडं पाहिलं. ह्यांनी माझा हात धरून मला मागं घेतलं आणि तेवढ्याशालाच अग्नी दिला.