काळ्या दातांचं हसू

क्योतोच्या पश्चिमेला, उझुमासाच्या स्टुडिओत, मोठ्या खोलीतल्या बायकांना नावं नसत. आईबापांनी ठेवलेली होती, पण पडद्यावर ती कधी यायची नाहीत. साठ जणी आणि बावीस आरसे. कुणी मोलकरीण व्हायची, कुणी भाजीवाली, कुणी नुसतीच गर्दी. ओकुई तोमिएने या खोलीत सतरा वर्षं काढली होती. गुडघ्यांवर बसून तिने इतकी सरकती दारं उघडली होती, की आत नायिका रडते आहे की रुसली आहे, हे तिला मान वर न करता कळे. तिची आई मात्सुए फुशिमीला राहायची. लेकीचा प्रत्येक चित्रपट बघायची, सुरुवातीची नावं डोळे ताणताणून वाचायची आणि घरी जाताना म्हणायची, की घाईत तुझं लिहायचं राहून गेलं असेल. हे तोमिएला फार लागायचं.

१९५४ च्या वसंतात ओनोदेरा नावाच्या दिग्दर्शकाने एक जुन्या काळची गोष्ट करायला घेतली. त्यात साके ही तांदळाची दारू गाळणाऱ्याच्या बायकोची भूमिका होती. त्या बाईला नाव होतं, बोलायला चार वाक्यं होती, म्हणजे ती करणारीचं नाव पडद्यावर येणार होतं. अट एकच होती. त्या काळच्या लग्न झालेल्या बाईसारखे दात काळे करायचे आणि भुवया भादरायच्या. बाकीचे दिग्दर्शक याकडे सरळ काणाडोळा करत, कारण बघणाऱ्यांना पांढरे दात आवडतात. दोन नावाजलेल्या नट्यांनी नाकं मुरडली. मग विचारणा मोठ्या खोलीपर्यंत आली आणि तोमिए उठून उभी राहिली.

"तोमिएताई, भुवया परत उगवल्या नाहीत तर उन्हाळ्यातल्या भुताटकीच्या चित्रपटांत सगळी भुतं तुलाच करावी लागतील," शेजारच्या आरशातून हात्सुए म्हणाली.

"भुतांना निदान नावं तरी असतात," तोमिए म्हणाली.

तिला भीती वाटत नव्हती, याचं कारण तिची आजी. आजी मरेपर्यंत दात रंगवायची. लोखंडाचे गंजके तुकडे चहात कुजवून केलेलं ते पाणी सहा वर्षांची तोमिए नाक दाबून ढवळायची. दुर्गंधी अशी की मांजरसुद्धा अंगणात पळायचं. पण आजीचे दात लाखेचा काळा मुलामा दिलेल्या नव्या वाडग्यासारखे चमकायचे. आणि म्हणून काही ती ते मिरवत हिंडायची नाही. बोलताना तिचे ओठ जेमतेम हलायचे.

चित्रीकरणाच्या दिवशी प्रसंग होता तो असा. बुडून मेला असं सगळ्यांनी धरलेला नवरा तीन वर्षांनी दारात उभा राहतो. बायको त्याला म्हणते, पाय धुऊन घ्या, भात अजून गरम आहे. तोमिएने ही वाक्यं आजीसारखी, मिटल्या ओठांनी म्हटली. ओनोदेरा खुर्चीतून ताडकन उठला. एवढा खटाटोप काय तोंड मिटून बसायला केला का, असं त्याने सगळ्यांदेखत विचारलं, आणि म्हणाला, "दात दाखव."

"साहेब, ते दाखवायचे नसतात. ते दिसतात."

मोठ्या खोलीतली बाई दिग्दर्शकाला उलटून बोलल्याचं तिथे कुणी कधी ऐकलं नव्हतं. दिवेवाल्याने वरून वाकून पाहिलं. ओनोदेरा थंडपणे म्हणाला, की अजून एकोणसाठ जणी बसल्या आहेत, त्यातली एक बोलावतो. सतरा वर्षांनी हाताशी आलेलं नाव निघून चाललं होतं. तोमिएने दोन्ही तळवे चटईवर टेकले आणि ती वाकली.

"एकदा माझ्या आजीसारखं करू द्या. मग खुशाल काढा."

त्याने सिगारेट पेटवली आणि एक बोट वर केलं. एकदाच.

तिने वाक्यं पुन्हा तशीच म्हटली. मग नवऱ्याचे पाय धुवायला ती खाली वाकली, आणि तिला दिसलं, की त्याच्या पायातल्या दोन वहाणा दोन वेगवेगळ्या जोडांतल्या आहेत. ती हसली. संहितेत हसणं नव्हतंच. तीन वर्षांची धास्ती त्या हसण्यातून बाहेर पडली, आणि ते काळेभोर दात लख्ख दिसले. नवरा झालेला नट आपलं वाक्य विसरून तिच्याकडे बघत राहिला.

ओनोदेराची सिगारेट हातातच जळत होती. तो लेखनिकाला म्हणाला, "हसते, असं लिहून घ्या."

भुवया उगवायला अडीच महिने लागले. तोवर तोमिए डोक्याला फडकं बांधून गर्दीत उभी राहिली, आणि ताठ मानेने उभी राहिली.

शरद ऋतूत चित्रपट फुशिमीला लागला, तेव्हा तोमिए आईला घेऊन तो बघायला गेली. नावं तीन-तीनच्या ओळींत झरझर गेली, आणि मात्सुएला चष्मा सापडेपर्यंत संपलीसुद्धा. ती जागची हलली नाही. दुसऱ्या खेळाला तिने चष्मा आधीच चढवला आणि "ओकुई तोमिए" असं इतक्या मोठ्याने वाचलं, की पुढच्या तीन रांगा वळल्या.

मग तो प्रसंग आला. पुढच्या रांगेत ऐंशीच्या घरातली एक बाई सुनेशेजारी बसली होती. पडद्यावरचं हसणं ऐकून ती पुढे सरकली.

"ही नटी नव्हे गं," ती सुनेला म्हणाली. "कुठल्या तरी जुन्या घरातली बाई धरून आणलीय. नट्यांना असं हसता येत नाही."

मात्सुए उठायलाच लागली. सांगणारच होती, की ही नटीच आहे, आणि माझी मुलगी आहे. तोमिएने तिची बाही ओढून तिला खाली बसवलं. उभ्या आयुष्यात एवढी शाबासकी तिला कुणी दिली नव्हती, आणि अभिमानाने तिचा ऊर भरून आला होता.

"गप्प बस आई," ती पुटपुटली. "त्या बाईंनी मागे वळून बघितलं तर माझे दात पांढरे दिसतील."

आणि तिने बाहीने तोंड झाकून घेतलं, कारण हसू काही केल्या आवरत नव्हतं.