कडोदऱ्याच्या महाराजांचे राज्य

कडोदऱ्याच्या लूमखात्यात बिघडलेले माग दुरुस्त करणारा हा खानदेशी मनुष्य आठवड्यातून एक दिवस राज्य करीत असे. उरलेले सहा दिवस पाना आणि तेलाचा डबा. आम्ही त्यांना 'महाराज' म्हणत असू, आणि विशेष म्हणजे ते 'ओ' देत.

मामलतदार कचेरीसमोर लोकांचे अर्ज लिहून देण्याचे माझे, म्हणजे मुन्शीजींचे, टेबल आणि त्याला लागून हंसाबेनचे सायबर कॅफे. तेथील कोपऱ्यातल्या संगणकावर इंटरनेटच्या पानातच चालणारा एक खेळ होता. शेते करायची, तट बांधायचा, फौज उभारायची आणि शेजारच्या राजावर चालून जायचे. आमचे महाराज कधीही, कोणावरही चालून गेले नाहीत. "आपलाले काय कमी शे, भाऊसाहेब?" असे ते मलाच विचारीत. शत्रू आला की तटाची डागडुजी करीत. मागाची सवय, दुसरे काय!

पराक्रमातली उरलीसुरली शक्यता त्यांच्या पत्नीने, सुमनवहिनींनी, संपवली. त्या शेजारच्या स्टुलावर बसून राज्यकारभार पाहत. स्वतःच्या खोलीवर पाण्यासाठी रांगेत उभे राहावे लागे, म्हणून राज्यात प्रत्येक घरापुढे विहीर पाहिजे, असा त्यांचा हुकूम होता. महाराज फौजेचे नाव काढीत, तेव्हा त्या म्हणत, "पानी नही तठे तुम्हना सैनिक काय भाले पितीन?" जगातले ते एकमेव साम्राज्य असेल, जिथे शिपायांपेक्षा विहिरी जास्त होत्या.

मग वहिनी अचानक गेल्या. महाराज वर्षभर फिरकले नाहीत. आले तेव्हा खेळ उघडेना. हंसाबेनने सांगितले की असले जुने खेळ चालवणारी सोय सगळीकडेच बंद झाली. महाराज सरळ माझ्या टेबलाशी आले. "मनं राज बंद पडी गयं, भाऊसाहेब. तिन्या विहिरी एकदाव देखाले मियाल्या की पुरे."

मी आठवीपर्यंत शिकलो असलो, तरी माझ्या मसुद्यात वकिलांनाही काना-मात्रेची चूक सापडलेली नाही. खेळाच्या पानावर तळाला असलेला कंपनीचा पत्ता मी पूर्वीच एका पावतीवर टिपून ठेवला होता. अशी दूरदृष्टी सर्वांना नसते. मी लिहिले : 'सदर राज्य अर्जदाराच्या शांततामय व अखंड वहिवाटीत असून, त्यातील सर्व विहिरी अर्जदाराच्या दिवंगत पत्नीने पसंत केलेल्या जागी खोदलेल्या आहेत.' अर्ज रजिस्टर पोस्टाने गेला. पाठोपाठ तीन स्मरणपत्रे गेली. महाराज संगणकाशी खटपट करू पाहत होते, तेव्हा मी त्यांना कडक समज दिली, "प्रकरण चालू असताना वस्तूला हात लावायचा नसतो." त्यांनी हात लावला नाही. माझा शब्द ते कायद्यासारखा मानीत.

पाच महिन्यांनी हंसाबेनकडे प्रिंटर दुरुस्त करायला एक कारागीर आला. गोष्ट ऐकून तो हसलाच. "अरे काका, जुने खेळ आजही चालतात, एक वेगळा प्रोग्रॅम टाकावा लागतो. आणि तुमचं राज्य कंपनीकडे नव्हतंच. या खेळात जे बांधाल, ते ज्या संगणकावर खेळाल त्याच्याच पोटात राहतं. कुठे आहे तो?"

हंसाबेनचा चेहरा पडला. "ए तो गया महिने भंगारमां आपी दीधुं, भाई."

माझ्याकडे कोणी पाहिले नाही. पाहिले असते तर बरे झाले असते.

कारागिराने नव्या संगणकावर खेळ चालू करून दिला. तेच संगीत, तेच ढग, आणि खाली सपाट, मोकळी जमीन. राज्याचे नाव घाला, असे यंत्र सांगत होते. महाराज बराच वेळ पाहत राहिले. मग उठले. "हाई जागा मनी नही शे," इतकेच म्हणाले आणि जाताना, सवयीने, मला नमस्कार केला. पुढच्या महिन्यात ते खानदेशात परत गेल्याचे लूमखात्यातून कळले.

आजही कोणी टेबलाशी आले की मी कागद काढत नाही. तुमची वस्तू या घडीला नेमकी कुठे आहे, ते आधी विचारतो. लोकांना वाटते, मुन्शीजी म्हातारपणी आळशी झाले. वाटू दे. मी त्यांना सांगतो, अर्ज उद्या लिहू. आज आधी तिथे जा आणि ती डोळे भरून पाहून या.